विंडोजचे खेळ मॅकवर कसे चालतात?

गेल्या दिवाळीच्या सुटीनंतर शाळा उघडली, त्याच आठवड्यांत नववींतील एका विद्यार्थ्याचे वडील मला भेटावयास आले. पोखर्णी स्टेशनच्या बाजूस त्यांची थोडी कोरडवाहू जमीन आहे. थोरला मुलगा पुण्यास नोकरीस असून त्यानें आपला जुना मॅक लॅपटॉप धाकट्या भावास अभ्यासासाठीं दिला होता. त्या घरांत आलेला तो पहिलाच संगणक. परंतु आठ दिवसांतच धाकट्यानें तोंड फुगविलें. कारण वर्गमित्र जे खेळ खेळतात, त्यांपैकीं एकहि या यंत्रावर उघडेना.

"सर, पोरगं म्हणतंय हे मशीन बिनकामाचं. साठ हजाराचं दुसरं घ्या म्हणतंय. सोयाबीन घरात पडलंय, भाव नाही. खरंच का हो हे मशीन खोटं?"

मीं त्यांच्याकडून आठ दिवसांची मुदत मागून घेतली. माझा विषय गणित. खेळांचा आणि माझा संबंध मैदानावरील शिटीपुरताच. तथापि यंत्र चांगलें असून तें खोटें ठरावें आणि त्यापायीं एका शेतकऱ्याचे साठ हजार जावे, हें मनास पटेना. आठ दिवसांचे पुढें दोन महिने झाले. त्या अवधींत जें समजलें, तें इतर विद्यार्थ्यांस व पालकांसहि उपयोगी पडेल, असें वाटून येथें देत आहें.

प्रथम हें पाहूं कीं खेळ उघडत कां नाहीं. विंडोजसाठीं केलेला खेळ म्हणजे 'डॉट ईएक्सई' असें शेपूट असलेली एक मुख्य फाईल व तिच्या भोंवतीं चित्रांच्या, आवाजांच्या अनेक फायली. मुख्य फायलींत चिपनें पाळावयाच्या आज्ञा असतात. परंतु खेळ सर्वच कामें स्वतः करीत नाहीं. पडद्यावर खिडकी उघडणें, डिस्कवरील फाईल वाचणें, कोणती कळ दाबली गेली हें जाणणें, आवाज काढणें, किती वाजले तें पाहणें, या प्रत्येक गोष्टीसाठीं तो विंडोजकडे मागणी करतो. अशा मागण्यांस ठरलेलीं नांवें आहेत व त्यांची संख्या हजारांनीं मोजावी लागते. मॅकवर या मागण्या ऐकणारें कोणीच नसतें. मॅकजवळहि खिडक्या आहेत, फायली आहेत, आवाज आहे. परंतु तेथें मागण्याची रीत निराळी, नांवें निराळीं, आणि फायलीच्या आंतील मांडणीहि निराळी. म्हणून खेळ दारांतच उभा राहतो.

विद्यार्थी मित्रहो, तुमच्या पणजोबांस हा अनुभव चांगला ठाऊक असेल. परभणी जिल्हा १९४८ च्या सप्टेंबरपर्यंत निजामाच्या हैदराबाद संस्थानांत होता व सरकारी कारभाराची भाषा उर्दू होती. शेतकरी बोलणार मराठी. कचेरींतील लिहिणें उर्दू. जमिनीसंबंधीं अर्ज द्यावयाचा तर कचेरीबाहेर बसणाऱ्या अर्जनविसाकडे जावें लागे. शेतकऱ्यानें मराठींत सांगावें, अर्जनविसानें तेंच उर्दूंत, कचेरीस मान्य अशा नमुन्यांत लिहावें, आणि आंतून हुकूम आला म्हणजे त्यानेंच तो पुन्हा मराठींत समजावून द्यावा. येथें लक्षांत घेण्याजोगी गोष्ट ही कीं, शेतकऱ्यास उर्दू शिकावी लागली नाहीं आणि कचेरीनेंहि आपली रीत बदलली नाहीं. दोघेहि होते तसेच राहिले. काम मात्र झालें.

वाईन या नांवाचा जो मोफत प्रोग्राम आहे, तो असाच अर्जनवीस होय. खेळानें विंडोजच्या नांवानें केलेली प्रत्येक मागणी तो मध्येंच ऐकतो, ती मॅकच्या रीतीनें पुढें मांडतो, आणि मॅकनें दिलेलें उत्तर विंडोजनें दिल्याप्रमाणें खेळास परत करतो. खेळाच्या फायलींत एक अक्षरहि बदलावें लागत नाहीं. आपण विंडोजमध्यें नाहीं, हें त्या बिचाऱ्यास कळत नाहीं.

नांवाविषयीं दोन शब्द लिहिले पाहिजेत, कारण हें मासिक घरोघर जातें. 'वाईन इज नॉट ॲन इम्युलेटर', म्हणजे 'वाईन ही नक्कल करणारी नव्हे', या इंग्रजी वाक्याच्या आद्याक्षरांवरून तें नांव जुळविलें आहे. पुढें याच चालीवर दुसऱ्या एका प्रोग्रामास व्हिस्की हें नांव मिळालें, आणि एकेक खेळ ज्या फोल्डरांत ठेवावयाचा, त्यास बाटली म्हणण्याचा प्रघात पडला. सारें घराणें नांवानेंच तेवढें बदनाम आहे. पालकांनीं निश्चिंत असावें.

'नक्कल नव्हे' असें आवर्जून सांगण्याचें कारण असें. दुसऱ्या जातीच्या यंत्राची संपूर्ण नक्कल आपल्या यंत्राच्या पोटांत उभी करून तीवर प्रोग्राम चालविणें, ही एक जुनी युक्ति आहे. मॅकमध्यें सबंध विंडोज बसवून त्यांत खेळ चालविणें ही तिची बहीण. दोन्ही मार्ग चालतात. परंतु पाहुणा दोन दिवस यावयाचा म्हणून अंगणांत दुसरें घर बांधावें, तसा हा खटाटोप. शिवाय विंडोजचा परवाना निराळा विकत घ्यावा लागतो, आणि यंत्राची निम्मी स्मृति त्या दुसऱ्या घरांतच खर्चीं पडते. आमच्या विद्यार्थ्याच्या मॅकची स्मृति आठ जीबी. तेथें हा विचार करण्यांत अर्थ नव्हता.

वाईनचें काम १९९३ सालीं सुरू झालें. त्या वेळीं विंडोजची ३.१ ही आवृत्ति चालत होती, आणि लिनक्स या मोफत प्रणालीवर तिचे प्रोग्राम चालावे एवढाच हेतु होता. बॉब ॲमस्टॅट यांनीं आरंभ केला. पुढच्याच वर्षीं, १९९४ सालीं, अलेक्झांडर ज्युलियार्ड यांनीं सूत्रें हातीं घेतलीं, आणि तीं तीस वर्षांनंतरहि त्यांच्याच हातीं राहिलीं. पहिली पक्की आवृत्ति, म्हणजे १.०, निघण्यास २००८ चा जून उजाडला. पंधरा वर्षें 'अजून कच्चें आहे' असें स्वतःच सांगत राहणें, ही चिकाटी मला तरी फार मोठी वाटते.

इतका काळ कां लागला? विंडोजची मूळ लिखावट मायक्रोसॉफ्ट कंपनी कोणास दाखवीत नाहीं, आणि ती चोरून पाहून तसेंच लिहिणें न्यायाचेंहि नव्हे. तेव्हां एकच वाट उरली. लहान लहान चांचणी-प्रोग्राम लिहून खऱ्या विंडोजवर चालवावे, कोणत्या मागणीस कोणतें उत्तर येतें तें टिपून घ्यावें, आणि तेंच उत्तर देणारी लिखावट आपल्या बुद्धीनें नव्यानें करावी. मोल्सवर्थ साहेबांचा मराठी-इंग्रजी कोश १८३१ सालीं छापून निघाला, तो कांहींसा याच मार्गानें. परक्या भाषेचे नियम आयते हातीं नव्हते. जाणत्या लोकांस विचारून, ऐकून, पडताळून एकेक शब्द नोंदावा लागला, आणि तरीहि १८५७ सालीं सुधारून वाढविलेली दुसरी आवृत्ति काढावी लागलीच. वाईनच्या मंडळींस याहूनहि एक विचित्र काम करावें लागतें. विंडोजमध्यें ज्या चुका राहून गेल्या आहेत, त्यांवरच कित्येक खेळ विसंबून असतात. म्हणून त्या चुकाहि जशाच्या तशा उतरवाव्या लागतात. गणिताच्या शिक्षकास ही गोष्ट पचावयास जड जाते.

आतां मॅककडे वळूं. २००६ पासून ॲपल कंपनी आपल्या संगणकांत इंटेलची चिप घालूं लागली. विंडोजचे संगणकहि बहुतेक त्याच पद्धतीच्या चिपवर चालत असल्यामुळें त्या काळीं मॅकवर वाईनचें काम सोपें होतें. इतकेंच नव्हे तर बूट कॅम्प या सोयीनें खुद्द विंडोजच मॅकवर बसवितां येत असे. पण २०२० च्या नोव्हेंबरांत ॲपलनें स्वतःच्या एम १ चिपचे मॅक बाजारांत आणले. या चिपची भाषाच निराळी, आणि बूट कॅम्पहि तीवर नाहीं. म्हणजे आतां एक अर्जनवीस पुरेना. खेळाच्या मागण्या वाईननें समजावल्या, तरी खेळांतील मूळ आज्ञा इंटेलच्या बोलींत. त्या नव्या चिपच्या बोलींत आणणारा दुसरा दुभाषी पाहिजे. तें काम रोझेटा २ हा ॲपलनेंच दिलेला प्रोग्राम करतो.

आणि चित्रांसाठीं तिसरा! आजकालचे खेळ पडद्यावरील देखावा डायरेक्ट थ्रीडी या विंडोजच्या पद्धतीनें मागतात. मॅकला समजते ती मेटल नांवाची पद्धति. या दोहोंमध्यें भाषांतर करणारें साहित्य ॲपलनें २०२३ च्या जूनमध्यें 'गेम पोर्टिंग टूलकिट' या नांवानें मोफत दिलें. तें वाईनच्याच पायावर उभें आहे. खेळ करणाऱ्या कंपन्यांनीं आपला खेळ मॅकवर कसा चालेल तें अजमावून पाहावें, हा ॲपलचा हेतु. परंतु हौशी लोकांनीं तें तत्काळ खेळण्यासाठीं उचललें. तीन दुभाषी एकामागें एक बसले म्हणजे प्रत्येकाचा थोडा वेळ जाणारच. यासाठीं मॅकवर नवे, जड देखाव्यांचे खेळ मंद चालतात आणि यंत्र तापतें. एम १ च्या मॅकबुक एअरमध्यें तर पंखाच नाहीं.

ही सर्व माहिती गोळा होईपर्यंत आमचा विद्यार्थी स्वस्थ बसला नव्हता. एके दिवशीं तो मधल्या सुटींत शिक्षकांच्या खोलींत येऊन मोठ्यानें म्हणाला, "सर, व्हिस्की एकदम फुकट आहे!" त्या क्षणीं खोलींत जी शांतता पसरली, ती मी विसरणार नाहीं.

व्हिस्कीची गोष्ट मात्र ऐकण्यासारखी आहे. आयझॅक मारोविट्झ नांवाच्या एका तरुण विद्यार्थ्यानें ती २०२३ सालीं लोकांस दिली. वाईन मॅकवर बसविणें किचकट. व्हिस्कीनें तें दोन-चार बटणांवर आणलें, आणि ती पुष्कळांच्या आवडीची झाली. २०२५ च्या एप्रिलमध्यें त्यानें ती पुढें चालविण्याचें थांबविलें. त्याला असें दिसून आलें कीं, आपल्या व्हिस्कीचा वाईनच्या कामास जवळजवळ कांहींच हातभार लागत नाहीं. उलट क्रॉसओव्हरला तिच्यामुळें धक्का बसूं शकतो. क्रॉसओव्हर ही कोडवीव्हर्स कंपनीनें वाईनपासून केलेली, पैसे देऊन घ्यावयाची आवृत्ति. ज्युलियार्ड यांच्यासह वाईनच्या कित्येक मुख्य कारागिरांस हीच कंपनी वेतन देते, आणि त्यांनीं केलेल्या सुधारणा वाईनमध्यें सर्वांसाठीं मोफत परत जातात. म्हणून त्या तरुणानें आपल्या लोकांस क्रॉसओव्हरकडे जाण्यास सांगितलें.

मीं हें वर्गांत सांगितलें तेव्हां एका मुलानें विचारलें, "मग वाईन फुकट कशी?" प्रश्न रास्त होता. विहिरीवरचें पाणी फुकट असतें. विहीर फुकट खणली गेलेली नसते. वाईन घेण्यास, वापरण्यास, तिची लिखावट पाहण्यास व बदलण्यास कोणासहि पैसा पडत नाहीं, आणि कायद्यानेंहि पूर्ण मुभा आहे. मात्र तिच्या मागें कांहीं लोकांचें वेतन आहे आणि पुष्कळांच्या रात्री आहेत.

त्याच सुमारास दुसरी एक गोष्ट घडली, ती पालकांनीं विशेष लक्षपूर्वक वाचावी. मुलानें कोणाकडून तरी एका महागड्या खेळाची कुलूप तोडलेली प्रत पेनड्राईव्हवर आणली. "वाईनमध्यें उघडल्यावर मॅकला काय होणार, सर? व्हायरस तर विंडोजचे असतात," असें त्याचें म्हणणें. वरवर पाहतां हें शहाणपणाचें वाटतें; परंतु तें चूक आहे. वाईन ही तुरुंग नव्हे, दुभाषी आहे. आंत आलेला मनुष्य भला कीं चोर, हें दुभाषी पाहत नाहीं. दोघांचेंहि म्हणणें तो सारख्याच निष्ठेनें पोंचवितो. वाईनच्या प्रत्येक बाटलींत सी ड्राईव्ह म्हणून एक बनावट डिस्क असते. पण तिच्या जोडीला बहुधा झेड ड्राईव्ह हें दुसरें दारहि असतें, आणि तें थेट मॅकच्या डिस्कवर उघडतें. मीं त्याला तें दार उघडून दाखविलें. आंत त्याच्या भावाचे फोटो, आईच्या दवाखान्याचे कागद, सातबाराची प्रत, सर्व ओळीनें दिसलें. हे कागद पुसून टाकावे अशी मागणी त्या खेळानें केली असती, तर वाईननें तीहि मुकाट्यानें पार पाडली असती. पेनड्राईव्ह त्यानें परत केला. चोरीच्या मालाविषयींचें माझें दुसरें व्याख्यान मग मला द्यावेंच लागलें नाहीं.

यावरून एक व्यवहाराची सूचना. वाईन, रोझेटा किंवा असलें कोणतेंहि साहित्य मूळ संकेतस्थळावरूनच घ्यावें. 'येथें दाबा' म्हणून नाचणाऱ्या जाहिरातींवरून कधींहि घेऊं नये. खेळहि पैसे देऊन किंवा मालकानें स्वतः मोफत दिलेला घ्यावा. वाईनच्या संकेतस्थळावर एक मोठी यादी आहे. तींत कोणता प्रोग्राम कितपत चालतो, याच्या लोकांनीं स्वतः करून पाहिलेल्या नोंदी आहेत व त्यांस प्लॅटिनम, गोल्ड, सिल्व्हर, ब्रॉन्झ आणि शेवटीं गार्बेज, म्हणजे कचरा, अशा श्रेणी दिल्या आहेत. पैसे खर्च करण्यापूर्वीं ही यादी पाहावी. नोंद जुनी असेल किंवा लिनक्सवरची असेल तर तिजवर फार भरंवसा ठेवूं नये.

आतां आमचा निकाल. मुलाला सर्वांत हवा होता तो व्हॅलोरंट. तो चालला नाहीं, आणि चालणारहि नव्हता. मित्रांशीं जोडून खेळावयाच्या या खेळांत लबाडी होऊं नये म्हणून व्हॅनगार्ड नांवाचा एक पहारेकरी असतो, तो विंडोजच्या अगदीं गाभ्यांत जाऊन बसतो. वाईनजवळ विंडोजचा गाभा नाहीं. केवळ त्याच्या दाराशीं होणारें बोलणें आहे. पहारेकऱ्यास बसावयास जागाच नाहीं, मग खेळ कसा सुरू व्हावा? जोडून खेळावयाच्या अनेक खेळांची हीच कथा आहे. मुलास वाईट वाटलें, आणि खरें सांगावयाचें तर मलाहि.

नंतर त्याला पुण्याच्या नॉडिंग हेड्स गेम्स या संस्थेनें केलेल्या 'राजी' या खेळाची माहिती मिळाली. आपल्या धाकट्या भावाच्या शोधार्थ निघालेल्या एका मुलीची ती कथा. २०२० सालीं हा खेळ निघाला तो स्विच, विंडोज, प्लेस्टेशन व एक्सबॉक्स यांवर. मॅकचें नांव त्यांत नव्हतें. यांत त्या मंडळींस दोष देतां येत नाहीं. मॅकवर खेळणारे थोडे, आणि प्रत्येक यंत्रासाठीं निराळी आवृत्ति करण्यास पैसा व माणसें लागतात. तरी पुण्यांत तयार झालेली वस्तु पुण्याहूनच आलेल्या मॅकवर पाहावयास मध्यें दुभाषी लागावा, याची मौज वाटते. तो खेळ अद्याप घेतलेला नाहीं. वार्षिक परीक्षेनंतर पाहूं, असें ठरलें आहे.

चालला तो तिसराच. किल्ले बांधण्याचा, सैन्य जमविण्याचा, एकट्यानें खेळावयाचा वीस-एक वर्षांपूर्वींचा एक खेळ थोरल्या भावानें विद्यार्थिदशेंत पैसे देऊन घेतला होता. त्याची फाईल त्यानें पुण्याहून पाठविली. असे जुने खेळ ३२ बिटचे असतात, आणि ॲपलनें २०१९ पासून मॅकवर ३२ बिटचे प्रोग्राम बंद केले आहेत, म्हणून मला आशा नव्हती. परंतु वाईनच्या मंडळींनीं त्यावरहि तोड काढली आहे; २०२४ च्या जानेवारींत निघालेल्या नवव्या आवृत्तींत तिचा उल्लेख आहे. एका शनिवारीं शाळा सुटल्यावर आम्हीं दोघे बसलों. पहिल्या वेळीं खेळ उघडला आणि मिटला. दुसऱ्या वेळीं अक्षरांच्या जागीं चौकोन दिसले. फॉन्ट बसविल्यावर तीं नीट झालीं. तिसऱ्या वेळीं पडद्यावर हिरवें मैदान आलें आणि लाकूडतोड्या चालूं लागला.

वडिलांस मीं बोलावून घेतलें आणि जें होतें तें सारें सांगितलें. यंत्र खोटें नाहीं. अभ्यासास तें उत्तम आहे. जुने खेळ त्यावर चालतील, कांहीं नवेहि चालतील, मित्रांबरोबरचे मात्र बहुतेक चालणार नाहींत. आणखी एक गोष्ट मीं लपविली नाहीं. ॲपलनें २०२५ च्या जूनमध्यें जाहीर केलें आहे कीं, रोझेटा मॅकओएसच्या २७ व्या आवृत्तीपर्यंतच पूर्णपणें राहील. त्यानंतर कांहीं जुन्या खेळांपुरताच त्याचा अंश ठेवण्यांत येईल. म्हणजे मधला एक दुभाषी निवृत्त व्हावयाचा आहे, आणि त्याचें काम पुढें कोण कसें करील, हें त्या कारागिरांच्या हातीं आहे.

"म्हंजे सध्या तरी साठ हजार वाचले म्हणायचे," एवढेंच ते म्हणाले, आणि मुलाकडे पाहून हंसले. मुलगा हंसला नाहीं. व्हॅलोरंटचें दुःख अजून ताजें होतें.

तरी परवां त्यानें आपण होऊन एक काम केलें. वाईनच्या त्या यादींत आपल्या किल्ल्यांच्या खेळाची नोंद त्यानें इंग्रजींत लिहून काढली: यंत्र कोणतें, वाईनची आवृत्ति कोणती, काय चाललें, काय चाललें नाहीं, फॉन्ट कसे बसविले. धाडण्यापूर्वीं ती त्यानें मला दाखविली. दोन ठिकाणीं क्रियापदें सुधारलीं, एवढेंच माझें काम. श्रेणीच्या जागीं त्यानें सिल्व्हर लिहिलें होतें. खेळ इतका चांगला चालत असतां गोल्ड कां नाहीं, असें मीं विचारलें.

"सर, सुरुवातीची व्हिडिओ अजून काळीच दिसते ना."